माळढोकाचा चिरा

एका माळावर, जिथे झाडे थोडी आणि आभाळ फार, एक चंडोल राहत असे. अंगाने मूठभर, डोक्यावर मातकट तुरा, आणि आवाज इतका बारीक की जवळून गोड वाटे, पण जरा लांब गेले की वाऱ्यात हरवून जाई.

मुलांनो, या माळाची गोष्ट जगावेगळी होती. तिथे आवाज नुसता हवेत विरत नसे. ओल्या मातीवर मनापासून आवाज टाकला की माती थरथरे, गोळा होई, त्या आवाजाचा आकार घेई, आणि दोन उन्हे खाल्ली की दगडासारखी टणक बने. या कलेला तिथले प्राणी नादकाम म्हणत. होला घुमला की वाटोळे गोटे तयार होत. बेडकाच्या डरांवमधून जाड लाद्या पडत. मोर ओरडला की कमान उठे. टिटवीच्या कलकलाटातून पातळ, धारदार चिपा निघत. त्या कुंपणाला बऱ्या. आणि चंडोलाच्या गाण्यातून? मोहरीएवढे खडे. "पिलांना खेळायला ठीक आहेत," असे कोल्हा म्हणे आणि मिशीतल्या मिशीत हसे.

नादकामाची आणखी एक खुबी होती. घडवलेली वस्तू फुटली की आत कोंडलेला आवाज बाहेर पडे. पण एकदाच. मग उरे ती साधी माती. चंडोल लहान असताना त्याने खोडी म्हणून कुंपणाची एक चीप फोडली होती. तर आतून मागच्या वर्षीची टिटवी ओरडली, "कोण रे तिकडे?" आणि पाठोपाठ खरी टिटवी धावत आली, "कोण रे तिकडे?" चंडोलाला त्या दिवशी एकाच गुन्ह्यासाठी दोन टिटव्यांची बोलणी बसली.

माळाच्या वरच्या अंगाला एक तळे होते. त्याला अडवून धरणारा लांब बांधही आवाजाचाच होता. त्याच्या पायाचे चिरे माळढोकांच्या हुंकाराचे आहेत, असे सगळे मानत. माळढोक म्हणजे उंच, भारदस्त, कमी बोलणारा पक्षी. त्याचा हुंकार कानाच्या आधी पायांना कळे. पण शेवटचा माळढोक एका उन्हाळ्यात उडाला तो परतला नाही. त्याला पिल्लू नव्हते, आणि माळाचा रिवाज असा की ज्याचा नाद त्याने आपल्याच पिलाला द्यावा, दुसऱ्या जातीला शिकवू नये. त्यामुळे हुंकारही त्याच्याबरोबर गेला.

उरला तो बांध. त्याला सगळे देवासारखे मानत. "बांधाला चोच लावायची नाही, दात लावायचा नाही, खूर आपटायचा नाही," हे पिलांना डोळे उघडायच्या आधी शिकवले जाई. दरवर्षी पळस फुलून गळला की थराचा दिवस येई. त्या दिवशी प्रत्येक जण बांधाच्या माथ्यावर आपल्या आवाजाचा एक थर चढवी. गोटे, लाद्या, कमानी. बांध वर्षागणिक उंच होत गेला, देखणा होत गेला. पाया कोणी पाहत नसे. पाया माळढोकांचा, त्याला काय होणार?

चंडोलाचे घरटे बांधाच्या खालच्या अंगाला गवतात होते. चंडोलीण अंड्यांवर बसलेली होती. ऐन उन्हाळ्याचे दिवस, गवत वाळून करकरीत झालेले, आणि एका सकाळी चंडोलाच्या पायाला ओल लागली. तो ओलीचा माग काढत बांधापर्यंत गेला. पायाच्या एका चिऱ्यातून पाणी झिरपत होते. चिऱ्याची कड लोण्यासारखी मऊ झाली होती. चंडोलाने कान लावला, तर आतून अगदी क्षीण, अगदी दुरून आल्यासारखे काही ऐकू आले... हूंऽऽ. चिरा विरघळत होता, आणि विरघळता विरघळता बोलत होता.

तो घरी परतला तेव्हा चंडोलिणीने त्याचा चेहरा पाहिला.

"पाणी घरात येईल का?"

"अजून नाही."

"अजून म्हणजे?"

बांध हळूहळू गळाला तर उन्हाळा सरायच्या आत तळे कोरडे पडणार होते. एकदम फुटला तर खालच्या गवतातली सगळी घरटी, सगळी बिळे धुऊन निघणार होती. त्यात पहिले घरटे त्याचेच.

"मला अंड्यांवरून उठता येत नाही," चंडोलीण म्हणाली. "तुला येतं."

चंडोल उठला.

माळावर सभा भरली. म्हातारा काळवीट बांधाचा राखणदार होता. त्याची शिंगे पिळदार, एकाचे टोक मोडलेले, आणि चालणे असे की वाटेतल्या मुंग्याही बाजूला होत.

"आजोबा, पाया विरघळतोय," चंडोल म्हणाला.

"पाया माळढोकांचा आहे, पोरा. तो विरघळत नसतो."

"मी कान लावून ऐकलंय. चिऱ्यातून हुंकार गळतोय."

"अगं बाई! गळतोय?" टिटवी उडालीच. "कुठे? कधीपासून? मला कसं कोणी सांगितलं नाही?"

"गळणारच," कोल्हा आरामात म्हणाला. "साळूबाईंचं बीळ कुठे आहे? बरोब्बर बांधाच्या पायथ्याशी. रात्रंदिवस खणत असतात. बांध काय खणणाऱ्याला आशीर्वाद देईल?"

सगळ्यांच्या माना साळूकडे वळल्या. ती मागे एकटीच बसली होती, काटे मिटून.

"माझी आजी या बिळात जन्मली आणि याच बिळात गेली," ती म्हणाली. "बीळ आधी की बांध आधी, हे तुमच्या आज्यांना विचारा."

आज्या हयात नव्हत्या, त्यामुळे कोणी विचारले नाही. काळविटाने निकाल दिला. थराच्या दिवसापर्यंत साळूने बीळ सोडून जावे, आणि या वर्षीचा थर दुप्पट जाडीचा घालावा.

"आजोबा, वरून ओझं वाढवलं तर पाया जास्तच खचेल," चंडोल कळवळून म्हणाला. "आपल्याला नवे चिरे हवेत. पायाचे."

"मग तू कर की," कोल्हा म्हणाला. "पेर मोहरी!"

हशा पिकला. चंडोलाने तो ओसरू दिला.

"एक चिरा फोडावा लागेल," तो म्हणाला. "आतला हुंकार ऐकायचा, शिकायचा आणि पुन्हा घडवायचा."

हसू जिथल्या तिथे थांबले. होल्याने डोळे गच्च मिटले. बेडकाने पाण्यात उडी मारली, तो वर आलाच नाही.

"बांधाला दात?" काळविटाचा आवाज कापला. "माझ्या देखत?"

"आजोबा, तो हुंकार आता साऱ्या जगात एकाच ठिकाणी उरलाय, त्या चिऱ्यांत. चिरे रोज थोडं थोडं बोलून संपताहेत, आणि ऐकायला तिथं कोणी नाही!"

"वा, चंडोलराव," कोल्हा म्हणाला. "अंडं सांभाळायचं, म्हणून फोडून बघायचं!"

"अंडं वेळेवर फुटलं नाही तर आतलं पिल्लू मरतं, कोल्हेदादा."

कोल्हा पुन्हा हसला. काळवीट मात्र हसला नाही. त्याने मान फिरवली आणि सभा मोडली.

चंडोल हार मानणारा नव्हता. चिरा फोडू देत नाहीत ना? मग तो ऐकीव गोष्टींवरून शिकू लागला. कोणी म्हणे, माळढोक हूंम करत असे. कोणी म्हणे, घूंम. चंडोल तळ्याकाठच्या चिखलात उभा राहून आवाज खाली, आणखी खाली, पोटाच्या तळाशी नेऊ लागला. घसा सोलवटला. ऊन डोक्यावर आले तरी तो हटेना. पिले भोवती जमून खडे वेचत आणि ओरडत, "आज मोठे आलेत, मोठे आलेत!" खरेच, मोहरीचे मिरे झाले होते. पण चिरा कुठेच नव्हता.

तेव्हा तो साळूकडे गेला. ती बिळाच्या तोंडाशी आपले गळालेले काटे गोळा करत होती.

"मावशी, निघालात?"

"छे, लग्नाला चाललेय."

"मावशी, मला तुमचे दात हवेत."

साळूने त्याच्याकडे वळून पाहिले. "शहाणाच आहेस. मी बांध पोखरला म्हणून मला हाकलताहेत, आणि तू म्हणतोस, जाता जाता तेवढा खरंच पोखरून जा!"

"चोरून नाही. सगळ्यांसमोर, भर उन्हात."

"सगळ्यांसमोर तो म्हातारा शिंगं रोखून उभा राहील."

"मी बोलेन त्यांच्याशी."

"आणि नाही ऐकलं तर?"

"उद्या पुन्हा बोलेन."

"उद्याही नाही ऐकलं तर?"

"परवा उजाडणारच आहे ना, मावशी?"

साळूने वेचलेले काटे खाली ठेवले. "तुझ्या आवाजाला वजन नाही रे," ती म्हणाली, "पण तुला आहे." मग ती पुढे म्हणाली, "बांधाचं टोक जिथे टेकाडाला टेकतं, तिथला चिरा घे. पाण्याचा सगळा जोर मध्यावर असतो. तिथला काढला तर काही वाहून जाणार नाही."

चंडोल काळविटाकडे गेला. काळवीट नाही म्हणाला. दुसऱ्या दिवशी गेला. काळविटाने पाठ फिरवली. त्याच्या पुढच्या दिवशी गेला, तेव्हा काळवीट बांधासमोर मान झुकवून उभा होता. रोज याच वेळी तो असा उभा राही. चंडोल शेजारी जाऊन बसला. ओल आता गवतात बरीच पुढे सरकली होती.

"फोडायचं नाव काढू नकोस," काळवीट न वळता म्हणाला.

"नाही काढत. आजोबा, फक्त कान लावा."

"जन्मभर मी या बांधापुढे मान झुकवलीय."

"झुकवलीत. पण कान नाही लावलात."

काळविटाने पुढचे गुडघे टेकले आणि आपला मोठा कान ओल्या चिऱ्याला लावला. चंडोलाने श्वास रोखला. काळविटाच्या नाकपुड्या थरथरल्या. तो पाडस होता तेव्हा आईच्या मागे चालताना जमिनीतून खुरांना गुदगुल्या होत. आई म्हणे, घाबरू नको, माळढोक काम करतोय. तोच हुंकार. पण केवढासा!

"बारीक झालाय रे," तो अखेर म्हणाला. "पूर्वी पायांना कळायचा. आता कान लावावा लागतो."

तो गुडघ्यांवरून उठला.

"फोडा," काळवीट म्हणाला. "पण मी डोळे मिटून घेईन."

"डोळे मिटा, आजोबा. कान तेवढे उघडे ठेवा."

थराच्या दिवशी सगळा माळ टेकाडापाशी गोळा झाला. भीती सगळ्यांच्या डोळ्यांत होती, आणि उत्सुकताही. कारण तसा चिरा कोणी फुटलेला पाहिलाच नव्हता. चंडोल सगळ्यांपुढे फिरून विनवत होता, "तो एकदाच बोलेल. कोणी खोकू नका, पंख फडफडवू नका. टिटवीकाकू, तुम्ही विशेष."

"मी? मी कधी बोलते?" टिटवी म्हणाली. "बरं बाई, हा बघ, श्वासच धरला."

साळूने चिरा ओढून काढला. बांध जागचा हलला नाही. तिने चिऱ्याला दात लावले. कर्र, कर्र. काळविटाने डोळे मिटले. आणि चिरा फुटला.

आधी आला एक बारीक, सुतासारखा आवाज. वर वर चढत जाणारा, लहरत जाणारा. सगळ्यांनी संतापून चंडोलाकडे पाहिले. आत्ता गायची वेळ आहे? पण चंडोलाची चोच बंद होती. त्याचे डोळे मात्र फाटल्यासारखे मोठे झाले होते. आवाज चिऱ्यातून येत होता. त्यामागून आला खुळखुळाट, वाळक्या शेंगांसारखा. माना साळूकडे वळल्या. तिचे काटे अंगाला चिकटलेले होते. आणि मग जमिनीखालून, एखाद्या खोल पोकळीतून यावा तसा, तो हुंकार आला. हूंऽऽऽम. खुरांना कळला, पंजांना कळला, पंखांच्या मुळांना कळला. आणि संपला. साळूच्या पायाशी मातीचा ढीग उरला.

"तो चंडोल होता," होला पुटपुटला. "पायात चंडोल होता."

"आणि माझ्या कोण्या खापरपणजीचे काटे," साळू म्हणाली. तिचा आवाज प्रथमच ओला झाला होता. "आणि हुंकार माझ्या बिळातून आलाय. आपल्या घरातला घुमारा आपल्याला कळतो. माळढोक बिळाच्या तोंडाशी मान घालून उभा राहत असणार. ज्या बिळामुळे बांध खचला म्हणता ना, त्याच बिळात त्याचे चिरे घडलेत."

काळविटाने डोळे उघडले. "माझ्या आजोबांनी सांगितलं होतं, पाया माळढोकांनी एकट्यानं घातला. त्यांना त्यांच्या आजोबांनी सांगितलं होतं."

"त्यांनी कान लावला नव्हता, आजोबा," चंडोल हळूच म्हणाला. ज्याचा नाद त्याच्याच पिलाला, हा रिवाज मागून कधी आला, कोणी आणला, हे कोणालाच सांगता येईना. एवढे मात्र कळले, की पाया घातला तेव्हा तो नव्हता.

लगेच काम सुरू झाले. बिळाच्या तोंडाशी ओली माती पसरली. चंडोल गायला, साळूने काटे खुळखुळवले. पण माळढोक कुठून आणायचा? मग काळवीट पुढे आला. "मला फक्त घुरघुरता येतं," तो संकोचाने म्हणाला, आणि त्याने बिळात मान घालून घुरघुर केली. बिळाने ती खोल केली. त्यात होल्याने आपले घुमणे मिसळले. बेडूक कुठूनसा वर आला आणि त्याने डरांव मिसळले. एकाच्या घशात न मावणारा हुंकार सगळ्यांच्या घशांतून मिळून उठला. माती थरथरली, फुगली, चौकोनी झाली. चिरा! पिले नाचू लागली.

दोन उन्हांनी चिरा वाळला आणि मधोमध तडकला.

दुसरा केला, तोही तडकला. तिसराही, अगदी त्याच रेषेत. ओल चंडोलाच्या घरट्याच्या काडीला लागली होती. चंडोलीण अंगाखाली गवत सारून अंडी उचलून धरत होती. तिने काहीच विचारले नाही, हे चंडोलाला जास्त लागले.

"सोड आता," कोल्हा म्हणाला. या वेळी त्याच्या आवाजात टोमणा नव्हता. "ऐकायचं ते एकदाच होतं. ऐकलंस, आणि निसटलं. दैव."

"काही निसटलेलं नाही," चंडोल म्हणाला. "मी चुकतोय कुठेतरी. पुन्हा माती पसरा."

"चुकतोयस तर खराच," टिटवी म्हणाली.

सगळे तिच्याकडे वळले.

"मला कोणी विचारतं का? मी कधीची वाट बघतेय," ती म्हणाली. "त्या दिवशी चिऱ्यात तो आधीचा चंडोल गायला ना, तो मध्येच थांबला होता. मग काटे वाजले. मग काटेही थांबले. मग काहीच नाही. केवढा वेळ काहीच नाही! मी श्वास धरून बसले होते, मला विचारा. जीव जायची वेळ आली होती माझी. आणि त्यानंतर हुंकार. तू मात्र थांबतच नाहीस. हुंकार सुरू झाला तरी तुझं आपलं वर टिर्र टिर्र चालूच."

चंडोलाने डोळे मिटून तो क्षण आठवला. पायातून आपल्याच कुळाचे गाणे उमटले, तेव्हा आनंदाने त्याच्या कानांत दुसरे काही शिरलेच नव्हते. गाणे त्याने ऐकले होते. गाण्यानंतरची शांतता ऐकली नव्हती. आणि आता प्रत्येक चिऱ्यात आपला आवाज शेवटपर्यंत असावा, या हौसेने तोच चिरा तडकवत होता.

"काकू," तो म्हणाला, "तुम्ही नसता तर बांध गेला असता."

"हे कधीतरी कोणीतरी म्हणायलाच हवं होतं," टिटवी म्हणाली.

पुन्हा माती पसरली. चंडोल गायला आणि थांबला. चोच मिटून, पंख आवळून, गळ्याशी आलेले गाणे गिळून थांबला. साळूचे काटे वाजले आणि थांबले. मग शांतता. वाळक्या गवतातून वारा गेला तेवढाच. टिटवी श्वास धरून उभी होती. तिचे डोळे बाहेर आले, तेव्हा तिने मान हलवून खूण केली. आणि बिळातून हुंकार उठला. घुरघुर, घुमणे, डरांव, सगळे मिळून एक. हूंऽऽऽम! माती उसळली, बसली, आणि हुंकाराचे शेवटचे टोक अजून मातीत मुरत होते तोच टिटवीचा धीर सुटला.

"झालं का?"

सगळ्यांनी कपाळाला हात लावावा तसे केले. "काकू!" चंडोल ओरडला. पण माती तर मिटली होती. दोन उन्हे गेली. काळविटाने चिऱ्यावर शिंगाचे टोक आपटले, एकदा हळू आणि मग जोरात. चिरा खणखणला. तडा नव्हता.

त्यानंतर सगळा माळ कामाला लागला. साळू टोकापासून एकेक मऊ चिरा काढी आणि काळवीट नवा ढकलून बसवी. कोल्ह्याला नादकाम फारसे येत नसे, तो माती तुडवी आणि आपण किती छान तुडवतो हे सांगत बसे. माथ्यावरचे जड थर काढून कुंपणाला घातले. मध्यावरचा, सगळ्यांत जास्त गळणारा चिरा बदलला तेव्हा पाणी एकदा जोरात उसळले. चंडोल घरट्यापुढे पंख पसरून उभा राहिला. पण नवा चिरा जागेवर बसला आणि पाणी थांबले. हळूहळू गवत पुन्हा करकरीत वाळले. एका सकाळी चंडोलीण म्हणाली, "ऐक." अंड्याच्या आतून चोच वाजत होती. वेळेवर.

साळूने वेचलेले काटे पुन्हा बिळात नेले. थराचा दिवस आजही येतो. पण आता माथ्यावर थर चढत नाही. त्या दिवशी पायाचा एक जुना चिरा काढतात, सगळ्या पिलांसमोर फोडतात, आणि त्याच्या जागी ज्याला जो आवाज असेल त्याच्याकडून नवा घडवून घेतात. कोणाचा नाद कोणाला शिकवू नये, असे आता कोणी म्हणत नाही.

बऱ्याच वर्षांनी, काळवीट गेला होता, साळू गेली होती, टिटवीही गेली होती, तेव्हा एका थराच्या दिवशी चंडोलाच्या नातवंडांसमोर तो पहिला नवा चिरा फुटला. म्हातारा चंडोल पुढेच बसला होता. आधी त्याचे तरुणपणाचे गाणे आले. मग साळूचे काटे. मग ती लांबच लांब शांतता. मग काळविटाची घुरघुर आणि त्यात मिसळलेला सगळा माळ. आणि शेवटी, अगदी शेवटी, कोणीतरी जिवाच्या आकांताने विचारले, "झालं का?"

पिले खो खो हसली. म्हातारा चंडोलही हसला आणि त्याने डोळे पुसले.

"नाही काकू," तो म्हणाला. "अजून चालू आहे." आणि तो पिलांकडे वळला. "चला, माती पसरा."

तात्पर्य : पूर्वजांचे काम नुसते पुजून टिकत नाही, ते उघडून, सगळ्यांनी मिळून ऐकून, स्वतः पुन्हा घडवावे लागते.